सापडलेलं म्हणजे बेवारस नव्हे

ठाण्याच्या नौपाड्यातली एखादी जुनी इमारत पुनर्विकासाला गेली की शेवटच्या आठवड्यात जिन्याखाली ढीग साचतो. तांब्यापितळेची भांडी, शिलाई मशीन, पंखे आधीच गेलेले असतात. रद्दीही जाते. उरतात फोटोंच्या फ्रेमा, फुटक्या कुंड्या आणि पिशवीभर व्हिडिओ कॅसेट. भंगारवाला पिशवी उचलून वजन बघतो आणि परत खाली ठेवतो. फितीला भाव नाही आणि कवच फोडून फीत वेगळी करत बसायला त्याला वेळ नाही. दोन वर्षांपूर्वी अशीच एक पिशवी मी घरी आणली. चौदा कॅसेट निघाल्या. एकीवर निळ्या बॉलपेनने लिहिलं होतं, ‘लग्न, भाग २’. ना नाव, ना तारीख.

मी गेली तीसेक वर्षं ठाण्यात व्हिडिओ संकलनाचं काम करते. सुरुवात लग्नांच्या मिक्सिंगपासून, म्हणजे शूटिंग कापून-जोडून त्यावर गाणी चढवण्यापासून झाली. आता पोटासाठी माहितीपट आणि कंपन्यांच्या फिल्म करते आणि उरलेल्या वेळात लोकांनी टाकून दिलेल्या चित्रफितींतून छोटे प्रयोगपट. या प्रकाराला जगभर ‘फाउंड फुटेज’ म्हणतात. हे नाव ऐकलं की अनेकांना हलत्या कॅमेऱ्याचे भयपट आठवतात, पण मी म्हणते तो प्रकार वेगळा आणि बराच जुना आहे. दुसऱ्या कुणी, दुसऱ्या कशासाठी घेतलेली दृश्यं घ्यायची, ती तोडायची, संथ करायची, त्यांचा आवाज काढायचा, भलत्याच दृश्याशेजारी ठेवायची आणि मूळ माणसाला दिसलं नव्हतं ते त्यातून दिसतं का, हे बघायचं.

त्या ‘भाग २’मधून मी सात मिनिटांचा एक प्रयोगपट केला. त्यात एक क्षण होता. पंगत बसली आहे, विशी-बाविशीचा एक मुलगा परातीतून जिलेबी वाढतोय, हॅलोजनचा उजेड अंगावर येताच तो कॅमेऱ्याकडे बघतो आणि हाताने तोंड झाकून वळतो. जेमतेम दोन सेकंद. मी ते संथ केलं आणि तीनदा दाखवलं, कारण अख्ख्या कॅसेटमध्ये तेवढंच एक न ठरवलेलं, जिवंत वाटलं. नौपाड्यातच एका छोट्या सभागृहात चाळीसेक लोकांसमोर तो दाखवला. दिवे लागल्यावर तिसऱ्या रांगेतल्या एक ताई उठल्या आणि म्हणाल्या, “तो माझा दादा. त्याला जाऊन नऊ वर्षं झाली. त्याला कॅमेरा आवडायचा नाही. तुम्ही त्याला तीनदा तोंड लपवायला लावलंत.”

मला बोलता आलं नाही. लग्न त्यांच्या शेजाऱ्यांचं होतं. दादा वाढायला गेला होता, पूर्वी इमारतीतली सगळी पोरं जायची तसा. निघताना दारापाशी त्या परत थांबल्या. “मला तो उंच आठवत होता. इथे केवढासा दिसतो हो.” त्यांनी स्वतःचा तळहात खांद्याच्या उंचीला धरून दाखवला आणि बराच वेळ तो तिथेच ठेवला.

तेव्हापासून मला एक गोष्ट पटली आहे आणि ती आमच्या क्षेत्रातल्या पुष्कळांना आवडणार नाही. लोकांच्या घरातल्या कॅसेट बेवारस समजून वापरणं थांबलं पाहिजे. आणि त्याच दमात दुसरी गोष्ट: त्या कॅसेट कचऱ्यात जाऊ देणंही थांबलं पाहिजे आणि ती जबाबदारी एकट्यादुकट्या हौशी माणसाची नाही, शहराची आहे.

आधी आमच्या लोकांचा युक्तिवाद बघू. फाउंड फुटेजच्या परंपरेचा पायाच मुळी परवानगी न मागण्यावर उभा आहे, असं ते म्हणतात. १९२७ मध्ये एस्फिर शुब या रशियन संकलिकेने रशियाच्या झारच्या खासगी रिळांतून आणि बातमीपटांतून झारशाहीच्या पतनाचा चित्रपट उभा केला. राजघराण्याने हौसेने काढलेली दृश्यं तिने राजघराण्याविरुद्ध साक्षीला आणली. १९३६ मध्ये न्यूयॉर्कच्या जोसेफ कॉर्नेलने हॉलिवूडचा एक पडेल साहसपट कापून त्यातली नायिका तेवढी ठेवली आणि निळ्या काचेतून तो दाखवला. १९५८ मध्ये ब्रूस कॉनरने विकत मिळणाऱ्या रिळांचे तुकडे जोडून बारा मिनिटांत अपघात, युद्ध आणि अणुस्फोटाची माळ ओवली. यातल्या कुणी कुणाची परवानगी मागितली? नाही. आणि मागायला नकोच होती, असं मीही म्हणेन.

पण ही दृश्यं कुणाची होती ते बघा. झार, स्टुडिओ, वृत्तपट कंपन्या. ज्यांच्याकडे कॅमेरा होता, पडदा होता, सत्ता होती, त्यांच्याच प्रतिमा त्यांच्यावर उलटवण्याचा तो हक्क होता. तो हक्क उचलून जशाचा तसा नौपाड्यातल्या एका बिऱ्हाडात आणायचा आणि तिथल्या जिलेबी वाढणाऱ्या मुलावर वापरायचा, यात कुणाचं काय मोडलं? त्याच्याकडे कुठली सत्ता होती, जी मी उलथवली? बुडापेस्टच्या पेटर फोर्गाच यांनी १९८३ मध्ये घरगुती फिल्मचा संग्रह सुरू केला आणि १९८८ पासून त्यातून हंगेरीचा खासगी इतिहास सांगणारी चित्रमालिका केली. तिची ताकद अशी की पडद्यावरची माणसं नाव, घर, नशीब घेऊन येतात. कुणाची तरी आत्या, कुणाचा तरी मामा म्हणूनच ती समोर राहतात.

आपल्याकडे सगळं नेमकं उलटं झालं आहे. जनतेच्या पैशाने काढलेलं सरकारी चित्रण वापरायचं तर अर्ज, शुल्क, वाट बघणं. आणि जनतेच्या घरातलं चित्रण जिन्याखाली फुकट.

नवी मुंबईचं उदाहरण घ्या. १९७० मध्ये हे शहर वसवण्यासाठी सिडको ही सरकारी कंपनी स्थापन झाली, ठाणे, पनवेल आणि उरणच्या ९५ गावांची जमीन नव्या शहरासाठी घ्यायचं ठरलं. या शहराच्या कल्पनेमागच्या वास्तुविशारदांपैकी चार्ल्स कोरिया यांनी १९७५ मध्ये सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनसाठी त्यावर एक माहितीपटही केला, ‘सिटी ऑन द वॉटर’. मुंबईची कोंडी आणि खाडीपलीकडच्या शहराचं स्वप्न नियोजनकाराच्या नजरेतून त्यात दिसतं. ही नजर महत्त्वाची आहेच. पण त्याच खाडीपलीकडे जानेवारी १९८४ मध्ये दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली जमिनीच्या मोबदल्यासाठी आंदोलन झालं, गोळीबारात पाच माणसं गेली आणि घेतलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याची योजना त्या लढ्यातून आली. त्या गावांच्या नजरेतून हे शहर कसं उभं राहिलं, याचं हलतं चित्र कुठे आहे? मला ते हळदीच्या कॅसेटमध्ये सापडलं. घणसोली, कोपरखैरणे, करावे या बाजूच्या आगरी-कोळी घरांतल्या नव्वदच्या दशकातल्या हळदी मी मिक्सिंगच्या टेबलावर पुष्कळ पाहिल्या. पुढे बेंजो वाजतोय, आयाबाया नाचतायत, आणि मागे, शूटिंगवाल्याचं अजिबात लक्ष नाही अशा ठिकाणी, रिकामं केलेलं भातखाचर, त्यात उभे राहिलेले खांब, पुढच्या वर्षीच्या लग्नात त्याच जागी चार मजले. हे कुणी ‘दाखवलं’ नाही, ते मागे राहून गेलं. म्हणूनच मला ते खरं वाटतं.

कोरियांचा तो माहितीपट सरकारी आहे. आपल्या १९५७च्या कॉपीराइट कायद्यात अशा कृतीवर साठ वर्षं हक्क राहतो, म्हणजे साध्या हिशोबाने २०३५ अखेरपर्यंत. मला वाटतं, सरकारी चित्रण त्याआधीच प्रयोगकर्त्यांना, विद्यार्थ्यांना, गावच्या मंडळांना कापायला, जोडायला, प्रश्न विचारायला मोकळं असावं. वाशीच्या एखाद्या मुलीला त्या माहितीपटातलं मोकळं आभाळ आणि आजीच्या हळदीतलं तेच आभाळ शेजारी ठेवून बघायचं असेल, तर अडवायचं कशाला?

आणि आजीच्या हळदीचा मालक कोण? इथे आमच्या धंद्यातसुद्धा गैरसमज आहे. शूटिंगवाल्यांना वाटतं आपण काढलं म्हणजे आपलं. कायदा तसं म्हणत नाही. वेगळा करार नसेल, तर ज्याने पैसे देऊन फिल्म करवून घेतली तो पहिला मालक, असं त्याच कायद्याच्या कलम १७ मध्ये आहे. म्हणजे लग्नघर मालक. पण त्यावर आम्ही मिक्सिंगमध्ये घातलेली सिनेमाची गाणी मात्र कंपन्यांची. ‘भाग २’मधल्या लग्नाचं घर आता बदलापूरला आहे. ताईंकडून नंबर घेऊन मी फोन केला. ते गृहस्थ म्हणाले, “वापरा की. व्हीसीआर नाही, काय करायचं ठेवून?” कायद्याने काम झालं होतं. पण माझ्यासमोर तळहात खांद्याला धरून उभ्या राहिलेल्या ताईंचा त्या कॅसेटवर कागदोपत्री काडीचा हक्क नव्हता. मालक एक आणि दिसणारी माणसं चारशे. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणा हा मूलभूत हक्क मानला खरा, पण वाढपी म्हणून उभ्या असलेल्या मुलाच्या दोन सेकंदांचं काय करायचं हे तिथून थेट कळत नाही. ते आपण आपसात ठरवायचं असतं, विचारून.

“लग्नाच्या कॅसेटमध्ये असतंय काय? सगळ्या सारख्याच,” हे मी शंभरदा ऐकलं आहे. सारख्या आहेत, म्हणूनच त्यांची किंमत. पंधरा वर्षांतल्या शंभर लग्नांत तोच आंतरपाट, त्याच मंगलाष्टका, पाहुण्यांवरून फिरणारा तोच कॅमेरा. आता त्या फिरत्या कॅमेऱ्यात हळदीच्या वेळी विधवा बायका कुठे उभ्या आहेत ते बघा. दाराच्या चौकटीत, अर्ध्या आत अर्ध्या बाहेर. नंतरच्या वर्षांत काही घरांत त्या पुढे येऊन हळद लावताना दिसतात. पहिल्या पंगतीला कोण, उष्टी कोण काढतंय, नवरीचा बाप किती वेळा वाकतो, रुखवतात काय मांडलंय. असा दस्तऐवज कुठल्या सरकारी खात्याने जमवला आहे?

आणि आवाज. हे सांगताना मला खरंच वाईट वाटतं, कारण यातलं पुष्कळ माझ्या हातून झालं. मिक्सिंग करताना आम्ही मूळ आवाज काढून टाकायचो. गोंगाट म्हणायचो त्याला. त्यावर सनई आणि गाणी. आता तीस वर्षांनी गाणं सगळ्यांच्या फोनवर आहे आणि तो गोंगाट कुठेच नाही. ‘लग्न, भाग २’ ही मिक्सिंग न झालेली, कच्ची कॅसेट होती. तिच्यात कुणीतरी ओरडतंय, “अगं मीठ कुठे ठेवलंस?” कुणी कर्जतची गाडी किती वाजता विचारतंय. एक म्हातारा माणूस कंपनीत टाळेबंदी होणार म्हणून हळू आवाजात सांगतोय आणि शेजारचा त्याला पान देतोय. मग शूटिंगवाला गच्चीवर जातो आणि वीस सेकंद कॅमेरा फिरवतो: वागळे इस्टेट या औद्योगिक वसाहतीच्या बाजूचे पत्रे, आणि त्यांच्या मागे येऊरच्या डोंगराची अख्खी रेघ, एकही टॉवर मध्ये न येता. आज त्या जागेवरून ही रेघ दिसत नाही. टाळेबंदीची कुजबुज आणि डोंगराची रेघ एका कॅसेटवर आहेत. वागळे इस्टेटचं काय झालं यावरचा अहवाल मी वाचला तर मला आकडे कळतील. पान पुढे करणारा तो हात मात्र तिथे नसेल.

या फितींना वेळ उरलेला नाही. चुंबकीय फितीवर लोहाच्या ऑक्साइडचे कण एका चिकट थराने धरून ठेवलेले असतात. आपल्या दमट हवेत तो थर पाणी शोषतो, चिकट होतो, सुटायला लागतो. त्यात बुरशी. ‘भाग २’चे पाच स्क्रू काढून कवच उघडलं तेव्हा रिळाच्या कडेला पांढरी, कापसासारखी जाळी होती. तशीच डेकमध्ये, म्हणजे कॅसेट चालवणाऱ्या यंत्रात घातली असती तर बुरशी फीत वाचणाऱ्या हेडवर बसून पुढच्या कॅसेटला लागली असती. हाताने गुंडाळत, कोरड्या मऊ कापडाने पुसत तिला एक अख्खा दिवस गेला. २६ जुलै २००५ च्या पावसात तळमजल्यावरच्या घरांतून किती कॅसेट वाहून गेल्या असतील कोण जाणे. जपानच्या फुनाई कंपनीने जुलै २०१६ मध्ये व्हीसीआर बनवणं बंद केलं, ती शेवटची कंपनी होती. युनेस्कोने २०१९ मध्ये जगभरच्या संग्रहांना इशारा दिला होता की २०२५ पर्यंत चुंबकीय फितींचं डिजिटल रूपांतर झालं नाही तर पुष्कळसं कायमचं जाईल. ती मुदत संपली. यंत्र दुरुस्त करणारे हातही कमी होत चालले आहेत. मला ठाणे परिसरात भरवशाचे दोनच माहीत आहेत आणि दोघेही सत्तरीपुढचे.

तरुण प्रयोगकर्त्यांशी माझा एक वाद यावरूनच होतो. त्यांना खराब झालेली फीत आवडते. रेघा, रंगांचे फराटे, थरथरणारी कड. विरत जाणाऱ्या फिल्ममधून थोर काम झालंय हे मलाही मान्य. पण आता फोनवर फिल्टर आहे, कालचं दृश्यही तीस वर्षं जुनं दिसतं, आणि लोक त्यालाच ‘स्मृती’ म्हणतात. माझं म्हणणं असं की रेघा म्हणजे आठवण नाही. आठवण आपल्याला खुशाल उंच दादा देते. खरी कॅसेट म्हणते, नाही, तो केवढासा होता. ही जी टक्कर आहे ना, ती फिल्टरमधून मिळणार नाही.

फिल्टरपेक्षा वाईट गोष्ट पुढे येऊन ठेपली आहे. मध्यंतरी आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर कुणी क्लिप टाकली: १६ एप्रिल १८५३, पहिली आगगाडी ठाण्यात शिरतानाचं ‘दुर्मिळ मूळ चित्रण’. धूर, पगड्या, हात हलवणारी गर्दी. लोकांनी हात जोडले. अहो, मुंबईत पहिल्यांदा चलचित्र दाखवलं गेलं ते १८९६ मध्ये! यंत्राने बनवलेलं होतं ते सगळं. अशा खोट्या आठवणींचा पूर फुकट येणार आहे आणि त्याच वेळी खऱ्या आठवणी जिन्याखाली पडून आहेत.

म्हणून माझं मागणं अगदी साधं आहे. ठाण्यात आणि नवी मुंबईत महापालिकेने एखाद्या वाचनालयातली एक खोली कॅसेटसाठी द्यावी. दोन चालू डेक, एक संगणक, प्रत्येक चित्रफितीच्या दोन प्रती दोन ठिकाणी, एक शिकलेला माणूस. तीन तासांची कॅसेट उतरवायला तीन तास लागतात, घाई करता येत नाही. दिवसाला सहा तास एक डेक चालला तर दोन कॅसेट, वर्षाला तीनशे दिवस धरले तर सहाशे. खड्डे आणि पाणी असताना हे कशाला, असं विचारतील. विचारावंच. पण हा खर्च रस्त्याच्या एका वळणाएवढाही नाही, आणि पाच वर्षं थांबलो तर पैसे असूनही हे करता येणार नाही. खड्ड्याचं तसं नाही.

आपल्याला हे नवीन नाही. इतिहासकार वि. का. राजवाडे गावोगाव दप्तरं धुंडाळत हिंडले आणि त्यांनी मराठ्यांच्या इतिहासाची साधनं २२ खंडांत छापली. ठाण्यातच वि. ल. भाव्यांच्या पुढाकाराने १८९३ मध्ये मराठी ग्रंथसंग्रहालय उभं राहिलं. चेंदणी कोळीवाड्यात शिल्पकार पराग तांडेल आणि कादंबरी कोळी यांनी आपल्या समाजाच्या वस्तू आणि आठवणींचा संग्रह उभा केला आहे. माळ्यावरचं कागदपत्र इतिहास ठरतं तर माळ्यावरची फीत का नाही?

आणि कॅसेट घेताना विचारायचं. फक्त घरच्यांसाठी प्रत हवी का, अभ्यासकाने बघितली तर चालेल का, कुणी त्यातून कलाकृती केली तर चालेल का. घरातल्याने आज हो म्हटलं आणि उद्या दिसणाऱ्या कुणी नको म्हटलं, तर तो भाग बाजूला ठेवायचा. पुनर्विकासाच्या वेळी सोसायटी घर रिकामं करण्याची नोटीस लावते, त्याच नोटिशीखाली दोन ओळी लिहायच्या: माळ्यावर कॅसेट असतील तर फेकू नका, अमुक ठिकाणी द्या. त्या दोन ओळींना काही खर्च नाही. आमच्या शेजारच्या दोन सोसायट्यांनी त्या लावल्या आणि पहिल्याच महिन्यात एक्केचाळीस कॅसेट आल्या. त्या आता माझ्या बेडरूममध्ये आहेत, आणि बेडरूम म्हणजे संग्रहालय नव्हे.

परवानगीने कला मरते, असं माझ्या एका मित्राचं म्हणणं आहे. मी त्याला माझा प्रयोगपट दोन्ही रूपांत दाखवला. ताईंनी दादाचं दृश्य काढायला सांगितलं नव्हतं. त्या म्हणाल्या, एकदाच दाखवा, आणि त्याच्या चालीने. मी संथ केलेलं दृश्य काढलं. आता तो दोन सेकंदांत येतो आणि जातो. बघणाऱ्याची पापणी लवली तर सुटतो. आधीच्या रूपात तो माझा शोध होता. आताच्या रूपात तो घाईत आहे, त्याच्या मागे अजून पंगत वाढायची राहिली आहे. मित्राला पहिलं जास्त आवडलं. आमचा वाद चालू आहे.

गेल्या महिन्यात बदलापूरहून त्या गृहस्थांचा फोन आला. माळा आवरताना ‘भाग १’ मिळाला, साडीच्या खोक्यात, तांदळाच्या पिशवीत गुंडाळलेला. ताईंना मी कळवलं. शनिवारी दोघंही येणार आहेत. कॅसेटच्या खिडकीतून कडेला पांढरं दिसतंय, म्हणजे उघडावी लागणार. स्क्रू काढून ठेवायला मी वाटी घेतली आहे.